रवन्ना, जप्ती आणि तडजोड

मालाबरोबर सरकारी कागद चालला पाहिजे, हा दंडक दिल्लीच्या दरबाराला नवा नाही. 1717 साली बादशहा फर्रुखसियर याने दिलेल्या फर्मानाच्या आधारे इंग्रज कंपनीचा माल दस्तक, म्हणजे परवाना, दाखवून बंगालच्या जकात-चौक्यांवरून निर्वेध जाऊ लागला. पुढे कंपनीच्या नोकरांनी तेच दस्तक आपल्या खासगी व्यापाराला लावले, आणि या गैरव्यवहारापायी बंगालचा नवाब मीर कासीम याने अखेर सर्वांचीच जकात माफ केली, त्याचे पर्यवसान युद्धात झाले. आज हरियाणाच्या रस्त्यांवर त्या दस्तकाची जागा रवन्न्याने, म्हणजे खनिजाच्या वाहतूक-परवान्याने, घेतली आहे. वाहनाचा क्रमांक, खनिजाचे वजन, निघण्याचे व पोहोचण्याचे ठिकाण आणि मुदत एवढे त्यावर नमूद असते. एकाच रवन्न्यावर मुदतीत दोन-तीन खेपा मारण्याची युक्ती मात्र दस्तकाइतकीच जुनी आहे.

दिल्लीचा गवंडी ज्या जाड, तांबूस रेतीला ‘बदरपूर’ म्हणतो, तिचा मूळ स्रोत असलेली अरावली खाणकामास क्रमाक्रमाने बंद होत गेली. दिल्लीतील भट्टी येथील खाणी थांबल्यावर ती भूमी 1991 मध्ये असोला अभयारण्यास जोडण्यात आली. 2002 च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली-हरियाणा सीमेपासून पाच किलोमीटरच्या पट्ट्यातील उत्खनन थांबविले. आणि 8 मे 2009 रोजी फरीदाबाद, गुडगाव व मेवात या जिल्ह्यांच्या अरावलीतील खाणकामास स्थगिती दिली. इमारतींची भूक मात्र कोणत्याही न्यायालयाने स्थगित केलेली नव्हती, त्यामुळे खाणीचा व्यापार रात्रीच्या डंपरांचा झाला.

अशा डंपरचे करायचे काय, याचे उत्तर 1957 च्या खाण व खनिज कायद्यात आहे. वाळू, मुरूम, दगड ही गौण खनिजे असल्याने त्यांचे नियम राज्यांनी करावयाचे. विनापरवाना वाहतूक आढळल्यास कलम 21 नुसार वाहन जप्त करावयाचे. कलम 22 नुसार अधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी फिर्यादीवाचून न्यायालयाने दखल घ्यावयाची नाही. आणि कलम 23-अ नुसार त्या अधिकाऱ्यास ठरावीक रक्कम घेऊन गुन्हा मिटविता येतो. मुळात ही तरतूद सोयीची होती. पंचनामा झालेला ट्रक वर्षानुवर्षे ठाण्याच्या आवारात गंजत ठेवून सरकारचा काहीच लाभ नसतो. परंतु शिक्षेची रक्कम आधीच ठाऊक असेल, तर व्यापारी ती भाड्यात धरून चालतो, ही गोष्ट महसूल खात्याच्या ध्यानात फार उशिरा आली, असे माझे मत आहे. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने 2020 च्या फेब्रुवारीत पंचवीस लाखांहून अधिक किमतीच्या व पाच वर्षांहून कमी वयाच्या वाहनास चार लाखांची भरपाई ठरविली, आणि वय वाढेल तसा हा आकडा तीन व दोन लाखांवर आणला, तो या हिशेबाला छेद देण्यासाठीच.

तरीही भरपाईपेक्षा मोठा प्रश्न मुखत्यारीचा होता. यमुनेच्या वाळूच्या प्रकरणांत आरोपींचे म्हणणे असे की, खाण कायदा विशेष असल्याने पोलिसांना चोरीचा गुन्हा नोंदविताच येत नाही. 4 सप्टेंबर 2014 रोजी ‘दिल्ली राज्य विरुद्ध संजय’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे फेटाळले: परवान्यावाचून वाळू काढणे हा खाण कायद्याचा गुन्हा, आणि सरकारच्या ताब्यातील वाळू संमतीवाचून नेणे ही चोरी, दोन्ही निराळे.

मग तडजोड केली, तर चोरीही मिटते काय? हा प्रश्न मध्य प्रदेशातील जयंत प्रकरणात उभा राहिला. तेथे खाण खात्याने रक्कम घेऊन प्रकरणे मिटविली होती आणि दंडाधिकाऱ्यांनी आपण होऊन गुन्हा नोंदविण्याचा आदेश दिला होता. सर्वोच्च न्यायालयाच्या 3 डिसेंबर 2020 च्या निर्णयानुसार तडजोडीने केवळ खाण कायद्याखालील कारवाई संपते. तेव्हाच्या भारतीय दंड संहितेखालील चोरीचा खटला उभाच राहतो, असे ठरले.