हर्बर्ट राइनेकर : दोन राजवटींचा पटकथाकार

इतिहास लिहिताना आपण राज्यकर्त्यांचे आणि सेनापतींचे कागद चाळतो. लोकांच्या करमणुकीकडे मात्र कानाडोळा करतो. आमच्या मते ही उपेक्षा महागात पडते. एखादा समाज स्वतःविषयी काय ऐकून घ्यावयास तयार होता आणि काय टाळीत होता, हे त्याच्या करमणुकीतून जितके कळते तितके सरकारी दप्तरांतून कळत नाही. जर्मन पटकथाकार हर्बर्ट राइनेकर यांच्याकडे आम्ही याच दृष्टीने पाहणार आहोत.

राइनेकर यांचा जन्म २४ डिसेंबर १९१४ रोजी हागेन येथे झाला. हिटलर सत्तेवर आला तेव्हा ते अठरा वर्षांचे होते. ऐन उमेदीत ते हिटलरच्या युवक संघटनेच्या नियतकालिकांचे काम पाहू लागले. लहान मुलांसाठी निघणारे ‘डेर पिम्फ’ हे त्यांपैकी एक. महायुद्धात ते वाफेन एस्. एस्. या दलाचे युद्धवार्ताहर होते. १९४४ साली दिग्दर्शक आल्फ्रेड वायडेनमान यांच्यासह त्यांनी ‘युंगे आडलर’, म्हणजे ‘तरुण गरुड’, हा बोलपट लिहिला. विमानांच्या कारखान्यात उमेदवारी करणारी मुले आणि त्यांच्यात येऊन पडलेला एका बड्या बापाचा उर्मट मुलगा, एवढेच कथानक. त्याने आपला ताठा सोडून समूहात विरघळून जावे, हा बोध. दिसायला निरुपद्रवी, परंतु पुढल्याच वर्षी त्या वयाच्या मुलांच्या हाती बंदुका देऊन त्यांना रणांगणावर धाडण्यात आले, हे विसरता येत नाही.

१९४५ साली ती राजवट कोसळली. लेखणी मात्र थांबली नाही. १९५४ साली याच जोडीने ‘कानारिस’ हा चित्रपट केला. लष्करी हेरखात्याचा प्रमुख आणि हिटलरने अखेर फासावर चढविलेला दर्यासारंग हा त्याचा नायक. पटकथेला सरकारी पारितोषिकही मिळाले. वरचे मूठभर दुष्ट आणि बाकीचे सभ्य पण असहाय, हे समाधान त्या काळच्या प्रेक्षकाला हवेच होते.

पुढे दूरचित्रवाणी घरोघर पोहोचली आणि राइनेकर यांना त्यांचे खरे क्षेत्र सापडले. १९६९ ते १९७६ या काळात ‘डेर कोमिसार’चे ९७ भाग, आणि १९७४ ते १९९८ या काळात ‘डेरिक’चे २८१ भाग; असे एकूण ३७८ भाग या एकट्या माणसाने लिहिले. ‘डेरिक’ शंभराहून अधिक देशांत गेला. म्यूनिकचा हा पोलीस अधिकारी क्वचितच धावपळ करतो. तो समोर बसतो, ऐकतो आणि विचारतो. पहिल्याच भागात खुनी कोण हे प्रेक्षकाला आधीपासून ठाऊक असते. उरतो तो प्रश्न एकच : माणूस या थराला का जातो?

आणि येथेच आमचे मन अडखळते. अपराधाचा इतका अखंड विचार करणाऱ्या या लेखकाने तो अपराध बंगल्यांत आणि कुटुंबांत शोधला. संपूर्ण राष्ट्राने केलेल्या अपराधाकडे त्याचा हा अधिकारी क्वचितच वळतो. राइनेकर २००७ साली वारले. २०१३ साली उघड झाले की डेरिकची भूमिका करणारे होर्स्ट टापर्ट हेही वाफेन एस्. एस्. मध्ये होते. मालिकेचे जुने भाग पुन्हा न दाखविण्याचे तेथील वाहिनीने ठरविले.

राइनेकर यांनी १९९० साली आत्मचरित्र लिहिले. स्वतःच्या जीवनवृत्ताचे साहाय्य घेऊन लिहिलेला काळाचा वृत्तान्त, अशा आशयाचे नाव त्यांनी त्याला दिले. आम्हांला हे नाव फार बोलके वाटते. काळाला पुढे केले की माणूस साक्षीदार ठरतो, आरोपी राहत नाही. त्यांचे कसब नाकारण्याचे कारण नाही. कोट्यवधी लोकांना त्यांनी अपराध्याच्या मनात डोकवावयास शिकविले. परंतु डेरिक आपल्या संशयितांना शांतपणे जो प्रश्न विचारीत असे, तोच प्रश्न इतिहासाने त्याच्या निर्मात्याला विचारला पाहिजे.