लाल पाकिटातला चित्रपट

१/ १९९८ साली नेटफ्लिक्स या नव्या अमेरिकी कंपनीने टपालाने डीव्हीडी भाड्याने देण्यास प्रारंभ केला. पुढे तिची लाल पाकिटे घरोघरी पोहोचली.

२/ या व्यवसायाला कायद्याचा आधार होता. विकत घेतलेली डिस्क भाड्याने देण्यास अमेरिकेत निर्मात्याची परवानगी लागत नसे. त्यामुळे बाजारात आलेला कोणताही चित्रपट संग्रहात ठेवता येई.

३/ २००७ मध्ये इंटरनेटवरून थेट चित्रपट दाखवणे सुरू झाले आणि तो आधार संपला. येथे खरेदी नव्हती. मुदतीचा परवाना होता. मुदत सरली की चित्रपट यादीतून नाहीसा होई.

४/ म्हणून केवळ आपल्याकडेच दिसतील अशा मालिका आल्या. २०१३ मध्ये ‘हाऊस ऑफ कार्ड्स’चे तेराही भाग एकाच दिवशी प्रदर्शित झाले. पुढे मोठ्या स्टुडिओंनीही स्वतःच्या सेवा उभारल्या.

५/ परंतु स्वतःची निर्मितीही सुरक्षित ठरली नाही. नोव्हेंबर २०२२ मध्ये आलेली ‘विलो’ ही मालिका मे २०२३ मध्ये डिस्नेनेच काढून टाकली. तिची डिस्क निघालेलीच नव्हती. त्याच वर्षी २९ सप्टेंबरला नेटफ्लिक्सने अखेरची डिस्क रवाना केली.

६/ दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) आज अपूर्ण स्वरूपातच उपलब्ध आहे. जेवढा उरला, तो रिळे जपली गेली म्हणून. परवान्यावर पाहिलेल्या कलाकृतीची प्रत प्रेक्षकाच्या हाती राहत नाही. ती जपावी की पुसावी, हे एकटी कंपनी ठरवते.