तापीत सोडलेले मासे

भुसावळ तालुक्यातल्या हतनूर धरणाला ४१ दरवाजे आहेत. पावसाळ्यात ते उघडले की वर्तमानपत्रांत बातमी येते आणि तापीकाठच्या गावांना सावधानतेचा इशारा जातो. दरवाजे बंद असतात तेव्हाची बातमी कुणी छापत नाही. तेव्हा तापी-पूर्णेच्या संगमावर थेट चांगदेवपर्यंत पाणी फुगून उभं राहतं. गाळ तळाला बसतो, काठच्या उथळ पाण्यात पाणवनस्पती वाढतात. कॉमन कार्प नावाच्या माशाला राहायला आणि पिल्लं घालायला अगदी अशीच जागा लागते.

मासेमारांत आणि मत्स्यखात्यात या माशाला सायप्रिनस म्हणतात. जगातल्या सर्वाधिक उपद्रवी अशा शंभर परक्या जीवांच्या यादीत त्याचं नाव आहे. खानदेशातल्या तलाव-धरणांतल्या माशांच्या याद्यांतही ते हमखास सापडतं. मात्र तो चोरवाटेनं घुसलेला नाही. सरकारी कागदावर शिक्कामोर्तब होऊन, रीतसर आणलेला हा पाहुणा आहे.

१९३९ साली सिलोनहून त्याची एक जात निलगिरीत आणली गेली. ती थंड पाण्यातली, त्यामुळे डोंगराळ भागातच रमली. मैदानी उन्हाळा सोसणारी दुसरी जात १९५७ मध्ये बँकॉकहून कटकला पोहोचली. १९५९ मध्ये जपानहून सिल्व्हर कार्प आला आणि हाँगकाँगहून ग्रास कार्प. मराठीत पहिल्याला चंदेरा म्हणतात, दुसऱ्याला गवत्या. देशात अन्नधान्याची ओढाताण होती. स्वस्तात प्रथिनं मिळवायची तर तळी-तलाव रिकामे ठेवून चालणार नव्हतं.

त्याच १९५७ सालात, १० जुलैला, ओडिशातल्या अंगुल इथे मत्स्यशास्त्रज्ञ हिरालाल चौधरींनी पिट्युटरी ग्रंथीचा अर्क टोचून देशी कार्प माशांचं प्रजनन घडवलं. तोवर रोहू-कटल्याचं बीज पुराच्या पाण्यात जाळी लावून नदीतूनच गोळा करावं लागे, आणि त्यात भलत्याच माशांची पिल्लंही मिसळलेली असत. अंगुलच्या प्रयोगानं बीज हुकमी झालं. पुढे १९७१ मध्ये मिश्र मत्स्यशेतीचा अखिल भारतीय प्रकल्प सुरू झाला: कटला वरच्या थरात, रोहू मधल्या, मृगळ तळाशी, जोडीला चंदेरा, गवत्या आणि सायप्रिनस. सहा मासे, एक तळं.

या सहांतले पहिले तीन तरी खानदेशचे कुठे आहेत? कटला, रोहू, मृगळ मुळात उत्तरेतल्या नद्यांचे. तापीचे स्वतःचे म्हणावेत ते महसीर, लेबिओ फिम्ब्रिॲटस, काळसर अंगाचा लेबिओ कालबासू, शिवाय मरळ, वाम, शिंगाडा. पण जळगावच्या मासळीबाजारात रोहूला कुणी उपरा म्हणत नाही. परकेपणाचा ठपका एकट्या सायप्रिनसवर ठेवणं अर्धवट न्यायाचं आहे.

खानदेशाला पाणी अडवणं नवं नव्हतं. पांझरेवरचे फड पद्धतीचे बंधारे तीन-चारशे वर्षांचे मानले जातात. ते बुटके, पावसाळ्यात पाणी त्यांच्यावरून वाहून जाई आणि नदी समुद्रापर्यंत एकसंध राही. मोठी धरणं आली तसा तो ओघ तुटला. बराकपूरच्या मत्स्य संशोधन संस्थेनं करमचंदानी आणि पिसोळकर यांचा तापीच्या माशांवरचा सर्वेक्षण अहवाल १९६७ मध्ये काढला, तेव्हा गुजरातेतला काक्रापारचा बंधारा सोडला तर मोठा अडथळा जवळपास नव्हता. दोनच वर्षांत गिरणा धरण पुरं झालं, १९७२ मध्ये उकाई, १९८२ मध्ये हतनूर. तापीचं जुनं चित्र त्या अहवालात अगदी वेळेवर टिपलं गेलं, असंच म्हणायला हवं.

महसीरला अंडी घालायला वाहतं, खळाळतं पाणी लागतं, आणि त्यासाठी तो पुरात वर चढतो. धरणाच्या भिंतीपाशी त्याची वाट संपते. सायप्रिनसला वाट लागतच नाही. साचलेल्या पाण्यात, पाणगवताला चिकटणारी अंडी तो घालतो. किलोभर वजनाच्या मादीच्या पोटात लाखभर अंडी असतात, आणि आपल्याकडच्या हवेत ती वर्षातून एकाहून अधिक वेळा विते. रोहू-कटला धरणात वाढतात खरे, पण उभ्या पाण्यात सहसा वीत नाहीत. त्यांचं बीज पुन्हा पुन्हा सोडावं लागतं.

जाळ्यातून काढलेला सायप्रिनस ओळखायला सोपा. तोंडाशी मिशांच्या दोन जोड्या, आणि पाठीच्या परात पुढे एक कडक, करवतीसारखा दातेरी काटा, जो जाळ्यात अडकला की सोडवताना बोटं सांभाळावी लागतात. तोंड नळीसारखं पुढे काढून तो चिखल ओढतो, किडे-अळ्या गिळतो, उरलेला गाळ बाहेर टाकतो. शेकडो तोंडांनी हे दिवसभर चाललं की पाणी गढूळ होतं, पाणवनस्पतींची मुळं उखडतात, तळाशी बसलेला फॉस्फरस वर येऊन शेवाळ वाढतं. हतनूरमध्ये गाळाचा प्रश्न आधीच मोठा आहे. तो गाळ या माशानं आणलेला नाही. मासा तो फक्त घुसळतो.

म्हणून सगळं खापर त्याच्यावर फोडता येत नाही. मणिपूरच्या लोकटक सरोवरात १९८३ मध्ये इथाईचा बंधारा झाला आणि चिंदविन नदीकडून येणारा पेंगबा मासा दिसेनासा झाला. कॉमन कार्पही त्याच सरोवरात होता. बंधाऱ्यानं किती आणि कार्पनं किती, हे वेगळं काढणं अवघड. खानदेशात त्यात आणखी भर पडते ती गिरणेतल्या वाळूउपशाची. उन्हाळ्यात नदी आटली की स्थानिक मासे डोहांत जीव धरून राहतात, आणि वाळू गेली की डोहाचं रूपही बदलतं.

अमेरिकेनंही १८७७ पासून सरकारी पुढाकारानं कॉमन कार्प वाटला. शंभर वर्षांनी चंदेरा तिथल्या मत्स्यशेतीतून सुटून मिसिसिपीत शिरला. आता शिकागोजवळच्या कालव्यात त्याला अडवायला विजेचा अडसर लावावा लागला आहे. खानदेशात असं काही करायची गरज कुणाला वाटलेली नाही. इथे जाळ्यात आलेला मासा संध्याकाळी काळ्या मसाल्याच्या रश्शात असतो. भोई, कोळी, भिल्ल मासेमारांच्या कितीतरी घरांची चूल धरणातल्या या माशांवर पेटते. त्यांना सायप्रिनस नको म्हणणारा माणूस काठावरून बोलतो आहे.

बीज सोडतानाचं काम मात्र बघण्यासारखं. प्राणवायू भरलेल्या प्लास्टिकच्या पिशव्यांतून बोटभर लांबीची बोटुकली येतात. पिशव्या आधी तशाच बंद, पाण्यावर तरंगत ठेवतात. आतलं आणि बाहेरचं तापमान सारखं झालं की तोंड सोडतात, आणि पिल्लं आपापली बाहेर पडतात. हे बीज बहुतेक कार्पचंच असतं, कारण मत्स्यबीज केंद्रांत तेच सहज तयार होतं. महसीरचं बीज लोणावळ्याला टाटांच्या केंद्रात बनवलं जातं, पण तो संथ वाढणारा मासा. पाण्याचा ठेका घेतलेल्या संस्थेला वर्षाच्या आत विकता येईल असा मासा हवा असतो.

अमळनेर तालुक्यात तापीवर पाडळसेचं निम्न तापी धरण नव्वदच्या दशकापासून बांधलं जातंय आणि अजून पुरं झालेलं नाही. ते भरलं की आणखी काही कोस नदीचं उभं पाणी होईल, मत्स्यखात्याच्या यादीत नवा जलाशय चढेल, आणि बोटुकलीच्या पिशव्या तिथेही पोहोचतील.