लोडशेडिंगमधला टेट्रिस: हातातल्या गेम्सचा यवतमाळहून दिसणारा इतिहास

ज्यांच्याकडे ऑडिओ अडकत अडकत चालतो, त्यांच्यासाठी हा भाग नेहमीप्रमाणे लिहून देतोय. बोलताना आलेले "हां तर" आणि "म्हणजे बघा" बरेचसे काढलेत, सगळे नाही.

आजचा विषय आहे हातात धरून खेळायचे जुने गेम. मी मूळचा दारव्ह्याचा, नोकरी पुण्यात, काम कोडिंगचं. माझ्या बॅगेत एक सेकंडहँड पीएसपी असतो. सोनीचा पोर्टेबल कन्सोल, पण आतलं सॉफ्टवेअर बदललेला. त्यावर मी सोनीचे गेम खेळतो, निन्टेन्डोचे खेळतो आणि अगदी १९८९ चा टेट्रिससुद्धा खेळतो. गावाकडचा एक मित्र मला दर वेळी विचारतो, "काऊन बे, फोनवर एवढे गेम असताना हा डब्बा कायले पाहिजे?" हा भाग म्हणजे त्याला दिलेलं लांबलचक उत्तर आहे.

थोडक्यात सांगायचं तर हातातल्या गेम्सचा इतिहास नेहमी टोकियो आणि न्यूयॉर्कहून सांगितला जातो. त्यात दर वर्षी नवं मशीन येतं आणि जुनं बाद होतं. यवतमाळहून पाहिलं तर तोच इतिहास वेगळा दिसतो. आपल्याकडे चाललं ते जुनं, स्वस्त, कमी विजेवर चालणारं आणि कोणीतरी उघडून, बदलून, कॉपी करून पुढे दिलेलं. आता तीच सवय एका मोठ्या कामाला येऊ शकते. ते काम शेवटी सांगतो.

मुरलेलं तंत्रज्ञान

सुरुवात जपानमधल्या क्योटो शहरातून. गुनपेई योकोई नावाचा माणूस १९६५ साली निन्टेन्डोत लागला. काम काय, तर पत्ते बनवणाऱ्या मशीनची देखभाल. निन्टेन्डो तेव्हा पत्त्यांची कंपनी होती. पुढे योकोई खेळणी बनवायला लागले. ट्रेनमध्ये एक कंटाळलेला नोकरदार कॅल्क्युलेटरची बटणं उगाच दाबत बसलेला त्यांना दिसला आणि त्यावरून खिशातल्या गेमची कल्पना सुचली, असा किस्सा प्रसिद्ध आहे. १९८० मध्ये 'गेम अँड वॉच' आला. त्याचा पडदा कॅल्क्युलेटरसारखाच एलसीडी होता. कॅल्क्युलेटर कंपन्यांच्या स्पर्धेमुळे हे पडदे तोपर्यंत स्वस्त झाले होते.

योकोईंचं एक तत्त्व होतं. नवं खेळणं बनवायला नवं तंत्रज्ञान लागत नाही, जुनंच वेगळ्या कामाला लावायचं. त्यासाठी ते जो जपानी शब्द वापरायचे त्याचा सरळ अर्थ 'वाळलेलं' किंवा 'सुकलेलं' असा होतो. मला मराठीत 'मुरलेलं' हा शब्द जास्त बसतो असं वाटतं. लोणचं मुरतं तसं. मुरलेलं तंत्रज्ञान म्हणजे ज्याच्या सगळ्या खोड्या माहीत झाल्यात, जे भरवशाचं आहे आणि ज्याची किंमत उतरली आहे.

२१ एप्रिल १९८९ ला आलेला गेम बॉय याच विचाराचा. पडदा १६० बाय १४४ पिक्सेलचा, हिरवट, चारच छटा, मागून लाइट नाही. प्रोसेसर साधारण ४ मेगाहर्ट्झचा. पुढच्याच वर्षी सेगाने गेम गिअर आणला. रंगीत पडदा, मागून झगझगीत लाइट. पण त्याला सहा पेन्सिल सेल लागायचे आणि ते तीन ते पाच तासांत संपायचे. गेम बॉय चार सेलवर त्याच्या कितीतरी पट जास्त चालायचा. निकाल काय लागला? गेम बॉय आणि नंतरचा गेम बॉय कलर मिळून जवळपास ११ कोटी ८७ लाख विकले गेले. गेम गिअर सुमारे १ कोटीवर थांबला. ज्याचे सेल टिकले, तो टिकला.

आमच्याकडे काय आलं

आता तुम्ही म्हणाल, गेम बॉय यवतमाळात कोणी पाहिला? माझ्या ओळखीत तरी कोणाकडेच नव्हता. परदेशी कन्सोल तेव्हा किती महाग होते याचा एक आकडा देतो. १९९५ मध्ये सेगाचा मेगा ड्राइव्ह शॉ वॉलेस कंपनीमार्फत भारतात विकायला आला, तेव्हा त्याची किंमत होती १८,००० रुपये. १९९५ चे १८,००० बरं का! कापसाच्या हिशोबावर चालणाऱ्या घरात ही रक्कम गेमसाठी निघणं शक्यच नव्हतं.

आमच्याकडे आला तो ब्रिक गेम. प्लास्टिकचा लांबट डब्बा, बसस्टँडजवळच्या खेळण्यांच्या दुकानात किंवा जत्रेत मिळायचा. वर लिहिलेलं असायचं '९९९९ इन १'. खरे गेम जेमतेम डझनभर. वेग बदलला, लेव्हल बदलली की तो वेगळा गेम म्हणून मोजायचा. मुख्य गेम अर्थातच टेट्रिस, म्हणजे १९८४ मध्ये मॉस्कोत अलेक्सेई पाजित्नोव यांनी बनवलेल्या खेळाची चिनी नक्कल.

पण इंजिनिअर म्हणून आज तो डब्बा पाहिला की मला कौतुक वाटतं. पडदा म्हणजे १० आडवे आणि २० उभे चौकोन. प्रत्येक चौकोन एकतर काळा, नाहीतर कोरा. म्हणजे खेळाचं अख्खं चित्र २०० बिटांत, फक्त २५ बाइटमध्ये मावतं. तुम्ही व्हॉट्सॲपवर "गुड मॉर्निंग" टाइप करता ना, त्याला मराठी अक्षरांत याहून जास्त जागा लागते. आतली चिप ४-बिटची. मुरलेलं तंत्रज्ञान यापेक्षा आणखी किती मुरणार?

आणि हा डब्बा आमच्यासाठीच बनल्यासारखा होता, कारण लोडशेडिंग. माझं लहानपण तासन्‌तास वीज नसण्यात गेलं. टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम कोणाकडे असला तरी लाइट नसताना त्याचा उपयोग शून्य. ब्रिक गेम दोन पेन्सिल सेलवर महिनोन्‌महिने चालायचा. सेल उतरले की पोट्टे ते उन्हात ठेवायचे, मग थोडं आणखी चालायचे. पडद्याला लाइट नसल्यामुळे संध्याकाळी अंगणात बसून शेवटच्या उजेडात खेळायचं. अंधार पडला की गेम ओव्हर.

त्यानंतर आला नोकिया ११००. २००३ चा फोन. साधा पडदा, धूळ न शिरणारं रबरी कीपॅड, वर टॉर्च. जगभरात २५ कोटींहून जास्त विकला गेला. योकोईंचं तत्त्व इथेही तंतोतंत लागू होतं. त्यात स्नेक टू होता, स्पेस इम्पॅक्ट होता, आणि लाइट गेली की तोच फोन कंदील व्हायचा.

मग रंगीत पडद्याचे, मेमरी कार्डचे फोन आले. जिल्ह्यात तालुक्याच्या प्रत्येक गावात 'गाणी भरून मिळतील' अशी पाटी लावलेली मोबाइलची दुकानं उघडली. कार्ड द्यायचं, दहा-वीस रुपये द्यायचे, दुकानदार गाण्यांबरोबर जावा गेम्सचा एक फोल्डर टाकून द्यायचा. ते अधिकृत नव्हतं हे उघड आहे. पण इंटरनेट नसलेल्या गावात सॉफ्टवेअर असंच पोचलं, आणि माझ्यासारख्या अनेकांना 'फाइल' म्हणजे काय हे कॉम्प्युटरच्या आधी त्या दुकानात कळलं.

बॅटरीतली किल्ली

आता पीएसपी. जपानमध्ये १२ डिसेंबर २००४ ला आला. ३३३ मेगाहर्ट्झपर्यंत धावणारा प्रोसेसर, ३२ एमबी रॅम, ४.३ इंची रंगीत पडदा आणि गेमसाठी यूएमडी नावाची छोटी डिस्क. त्या काळात हे खिशात मावणारं कॉम्प्युटरच होतं. फक्त त्याला कुलूप होतं. सोनीची डिजिटल सही असलेला कोडच चालणार, बाकी काही नाही.

मग सुरू झाला उंदीर-मांजराचा खेळ. सोनीने अपडेट काढायचं, हौशी प्रोग्रामरांनी त्यातली फट शोधायची. यातला माझा सगळ्यात आवडता प्रकार २००७ चा, पँडोरा बॅटरी. पीएसपीच्या बॅटरीत एक छोटी मेमरी असते, तिच्यात बॅटरीचा सिरियल नंबर. सोनीच्या सर्व्हिस सेंटरसाठी एक खास सोय होती. सिरियल नंबरचे सगळे बिट १ असले, तर मशीन नेहमीसारखं सुरू न होता मेमरी स्टिकवरून सुरू होतं. प्रोग्रामरांनी हे शोधलं आणि साध्या बॅटरीचा नंबर बदलून तिची किल्ली केली. बंद पडलेले पीएसपीसुद्धा यातून जिवंत झाले.

सोनीने नंतरच्या मॉडेलमध्ये ही वाट बंद केली. पण डिसेंबर २०१० मध्ये बर्लिनच्या हॅकर परिषदेत एका गटाने दाखवलं की पीएस-थ्रीची डिजिटल सही करताना दर वेळी नवा रँडम आकडा घ्यायला हवा होता, तिथे सोनीने एकच आकडा पुन्हा पुन्हा वापरलाय. गणित मांडलं की गुप्त किल्ली बाहेर. पीएस-थ्रीमध्ये पीएसपीच्याही किल्ल्या होत्या, त्याही काही दिवसांत सापडल्या. कॉलेजला क्रिप्टोग्राफीच्या तासाला मला झोप यायची, पण हे उदाहरण वाचलं आणि तो धडा कायमचा डोक्यात बसला.

माझा पीएसपी-३००० याच मागच्या दाराने उघडलेला आहे. सोनीची महागडी मेमरी स्टिक काढून अडॅप्टरमध्ये साधं मायक्रोएसडी कार्ड घातलंय. निन्टेन्डोचे गेम चालवायला जीपीएसपी नावाचा एम्युलेटर आहे. त्याचं काम दुभाष्यासारखं. गेम बॉय ॲडव्हान्सचा प्रोसेसर एआरएम जातीचा, पीएसपीचा मिप्स जातीचा, म्हणजे दोघांची भाषा वेगळी. साधा दुभाष्या प्रत्येक वाक्य ऐकून दर वेळी नव्याने भाषांतर करतो, त्यामुळे गेम रखडतो. जीपीएसपी एकदा केलेलं भाषांतर लिहून ठेवतो आणि तोच भाग पुन्हा आला की वहीतलं वाचून दाखवतो. म्हणून १६.७८ मेगाहर्ट्झचं मशीन ३३३ मेगाहर्ट्झच्या मशीनवर मजेत धावतं.

खेळायला कसं वाटतं? ॲडव्हान्सचा पडदा २४० बाय १६०, पीएसपीचा ४८० बाय २७२. दुप्पट केला तर उंची ३२०, बसत नाही. म्हणून दीडपट करायचा, बाजूला काळ्या पट्ट्या सोडायच्या. चित्र थोडं मऊ दिसतं. पण अंगठ्याखाली खरी बटणं असतात, मध्येच जाहिरात येत नाही, 'तीन तासांनी परत या' कोणी सांगत नाही, आणि नेट बंद असलं तरी फरक पडत नाही. मित्राच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर हे.

उरलेलं अर्धं उत्तर

२ जुलै २०२१ ला सोनीने पीएसपीवरून थेट खरेदी करण्याची उरलेली सोयही बंद केली. पीएसपीच्या यूएमडी कधीच दुकानांतून गेल्या. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने एक अभ्यास प्रसिद्ध केला. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या क्लासिक गेम्सपैकी ८७ टक्के तेव्हा बाजारात कुठेच मिळत नव्हते.

यात आपलेही गेम आहेत. हैदराबादच्या गेमशास्त्र कंपनीने सोनीसाठी 'देसी अड्डा' बनवला होता, त्यात विटीदांडू, कबड्डी आणि पतंग होते. पीएसपीवर विटीदांडू! मुंबईच्या ट्राइन गेम्सने २०१० मध्ये 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' काढला, गल्लीतलं क्रिकेट. हे गेम जागतिक दर्जाचे होते असा माझा दावा नाही. पण भारतात कन्सोल गेम बनायला लागले तेव्हाचा हा पुरावा आहे. पुस्तक असतं तर एखाद्या वाचनालयात प्रत सापडली असती. यवतमाळच्या कोणत्या वाचनालयात यूएमडी सापडेल?

कायद्याचं थोडं बोलू, कारण कमेंटमध्ये हे येणारच. भारतात कंपनीच्या सॉफ्टवेअरवर प्रसिद्धीनंतर किमान ६० वर्षं कॉपीराइट असतो. म्हणजे १९८९ चा गेम निदान २०४९ संपेपर्यंत कोणाच्या तरी मालकीचा. आपल्याकडे असलेल्या कायदेशीर प्रतीचा, ती खराब होण्याच्या भीतीने बॅकअप घ्यायला कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ मुभा देतं. २०१२ च्या दुरुस्तीने आलेलं कलम ६५ए कुलूप तोडण्याला गुन्हा ठरवतं, पण हक्कभंग करण्याचा हेतू असेल तर. मी वकील नाही. माझा नियम एवढाच की डिस्क किंवा कार्ट्रिज माझ्याकडे असेल तरच त्याची फाइल ठेवायची, आणि फाइल विकायची नाही. २०४९ पर्यंत डिस्क टिकेल का, वाचणारं मशीन चालू असेल का, हा खरा प्रश्न आहे. आज तरी त्या डिस्क वाचून फाइल करण्याचा मार्ग बदललेल्या पीएसपीतूनच जातो.

तर सुरुवातीला म्हटलेलं काम हे. या वेळी घरी गेलात की कपाटाचा खालचा कप्पा उघडा. दादाचा पीएसपी असेल तर आधी बॅटरी काढून वेगळी ठेवा, जुनी लिथियम बॅटरी फुगते आणि मशीन फाडते. फुगलेली असेल तर तिला चार्जिंगला लावू नका. जुना नोकिया असेल तर त्यातलं मेमरी कार्ड काढा. वर्षानुवर्षं न वापरलेल्या कार्डातला डेटा हळूहळू पुसट होत जातो. त्यातल्या .जार फाइल्स कॉम्प्युटरवर उतरवून घ्या आणि कार्ड जपून ठेवा. मुंबईच्या इंडियागेम्ससारख्या कंपन्यांनी आपल्या फोनांसाठी बनवलेले गेम त्यात निघू शकतात. कार्ड कोणत्या गावात, कोणत्या साली भरलं होतं, घरात कोणाला आठवत असेल तर तेही फाइलशेजारी लिहून ठेवा. तोही इतिहासच आहे.

काही सापडलं तर फोटो काढून पाठवा, पुढच्या एखाद्या भागात त्यावर बोलू. आणि ब्रिक गेम सापडला तर दोन पेन्सिल सेल घालून बघा. बहुतेक चालू होईल.