बेडकांनी न सांगितलेला काळ

वडाळा म्हटले की मिठागरे, विठ्ठलमंदिर आणि अलीकडे मेट्रोचे खांब आठवतात. पायाखालचा दगड सहसा कोणाला आठवत नाही. तो लाव्हाचा आहे एवढे आपण शाळेत शिकलेलो असतो. पण तो केव्हाचा, या प्रश्नाचे बऱ्यापैकी नेमके उत्तर हाती यायला मुंबईच्या जीवाश्मांचा अभ्यास सुरू झाल्यापासून दीडशेहून अधिक वर्षे गेली. जीवाश्म तर मुबलक होते. मग एवढा विलंब का, हा प्रश्न आम्हांला उत्तराइतकाच महत्त्वाचा वाटतो.

दगडाचे वय सांगणारा जीव कसा असावा, याचा आदर्श म्हणजे कोनोडाँट. १८५६ साली पांडर या शास्त्रज्ञाने बाल्टिक प्रदेशातील खडकांतून मिळालेल्या दातांसारख्या बारीक अवशेषांचे वर्णन केले. ते कोणत्या प्राण्याचे, हे सव्वाशे वर्षे कोणालाच ठाऊक नव्हते. १९८३ मध्ये एडिंबराजवळच्या थरातील अख्ख्या प्राण्याचा ठसा प्रसिद्ध झाला, तेव्हा तो वामसारखा लांबट समुद्री जीव असल्याचे कळले. परंतु धनी अज्ञात असतानाही त्या दातांवरून कालगणना बिनदिक्कत चालू होती. चुनखडी सौम्य आम्लात विरघळवायची आणि तळाशी उरलेले कण सूक्ष्मदर्शकाखाली पाहायचे, अशी ती पद्धत. कोनोडाँटच्या जाती झपाट्याने बदलत आणि समुद्रमार्गे दूरवर पसरत. म्हणून हजारो मैलांच्या अंतरावरील दोन थरांत एकच अल्पजीवी जात सापडली, की ते थर समकालीन मानता येतात. पर्मियन आणि ट्रायसिक या कालखंडांची सीमा २००१ साली चीनमधील मेईशान येथे हिंडिओडस पार्व्हस या एका जातीच्या प्रथम दर्शनावरून ठरली. आपल्याकडे काश्मीर आणि स्पितीचे थरही अशाच दातांच्या आधारे जगाशी जोडले गेले आहेत.

मुंबईला हे घड्याळ लाभणे शक्यच नव्हते. कोनोडाँट सुमारे २० कोटी वर्षांपूर्वी नामशेष झाले. मुंबईचा लाव्हा त्यानंतर तेरा-चौदा कोटी वर्षांनी वाहिला. लाव्हात जीवाश्म टिकत नाहीत. मात्र दोन उद्रेकांच्या मधल्या काळात तळ्यांत, पाणथळीत गाळ साचला आणि त्यात जीव पुरले गेले. वरळीच्या अशा थरांतील इवल्या बेडकाला रिचर्ड ओवेन यांनी १८४७ साली नाव दिले. १९३० पासून तो इंडोबॅट्रॅकस म्हणून ओळखला जातो. कंपनी सरकारच्या सेवेतील डॉक्टर हेन्री जॉन कार्टर यांनी १८५२ साली मुंबई बेटाच्या भूरचनेवर सविस्तर निबंध लिहिला. बेडूक, कासव आणि सायप्रिस नावाचे दुहेरी कवचाचे सूक्ष्म जलचर त्यांच्या नोंदींत आहेत.

कार्टर स्वतः फोरॅमिनिफेरा या सूक्ष्म समुद्री जीवांचे जाणकार होते. पण मुंबईच्या गाळाने त्यांच्या हाती दिले ते गोड्या पाण्यातले रहिवासी. डबक्यातला बेडूक आपल्या डबक्याची हकीकत सांगतो. त्याच वेळी युरोपच्या किनाऱ्यावर काय चालले होते हे तो सांगू शकत नाही. नागपूरचे स्टीफन हिस्लॉप यांनी १८६० साली टाकळी परिसरातील गोगलगायींच्या आधारे तिकडचे थर इओसीन काळातले ठरवले, ते आज टिकलेले नाही. १८७९ च्या मेडलिकॉट आणि ब्लॅनफर्ड यांच्या ग्रंथात नागपूरचे थर लाव्हाच्या तळाकडचे आणि मुंबईचे माथ्याकडचे मानले गेले. हा क्रम बरोबर होता. पण क्रम म्हणजे तारीख नव्हे.

तारीख मिळाली ती समुद्रापाशी. राजमहेंद्रीजवळ लाव्हाच्या खालच्या आणि वरच्या थरांमध्ये समुद्री गाळ आहे. त्यात महासंहारानंतर लगेच अवतरलेले फोरॅमिनिफेरा सापडल्याचे गेर्टा केलर आणि सहकाऱ्यांनी २००८ साली दाखवले. रासायनिक घडणीवरून तिथला खालचा लाव्हा आपल्या अंबेनळी गटाशी आणि वरचा महाबळेश्वर गटाशी जुळतो. म्हणजे सह्याद्रीच्या माथ्यावरील दगडाच्या वयाचा पुरावा गोदावरीच्या मुखाकडील खाणीत निघाला! खालचा लाव्हा महासंहाराच्या सुमारास थांबला आणि वरचा त्यानंतर आला, असे या अभ्यासाचे म्हणणे आहे.

मुंबईत असा समुद्री साक्षीदार नाही. २००५ साली येथील गाळातील परागकणांवरून हे थर महासंहारानंतरचे, डेनियन काळातले ठरवण्यात आले. २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या आर्गॉन कालमापनाने मुंबईच्या लाव्हाचे वय सुमारे ६ कोटी २५ लाख वर्षे दाखवले. डायनोसॉर संपले ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी. तेव्हा मुंबईच्या दगडावर त्यांच्या संहाराचा आरोप करता येत नाही. वरळीचे बेडूकही त्या प्रलयाचे बळी नव्हते. उजाड झालेल्या जगात पुन्हा नांदू लागलेल्या जीवसृष्टीचे ते वंशज होते. पस्तीस लाख वर्षांच्या फरकाने त्यांच्या कहाणीचा अर्थच पालटतो.

येथे एक गोष्ट आम्हांला निकडीची वाटते. मुंबईत बेडकांचे, परागांचे हे थर उघडे पडले ते खोदकामांत आणि दगडखाणींत, आणि आज त्यांतील बहुतेक जागा बांधकामाखाली गेल्या आहेत. मोठ्या इमारतीसाठी किंवा पुलासाठी आजही खोल छिद्रे घेऊन दगडाचे नमुने काढले जातात. अभियंत्याला त्या दगडाची ताकद कळली की त्याचे काम संपते. इतिहासाचे काम मात्र तिथून सुरू होते. वडाळ्याखालून निघालेल्या मूठभर काळ्या मातीत काय असेल, हे आधी सांगता येत नाही. पण ती भरावात टाकली की ते कायमचे गेले. प्रत्येक नमुन्याचा एक तुकडा, ठिकाण आणि खोली लिहून, एखाद्या महाविद्यालयाच्या कपाटात ठेवणे फार खर्चाचे नाही. दातांचा धनी ठाऊक नसतानाही ते जपून ठेवणारे लोक होते, म्हणूनच कोनोडाँटचे घड्याळ चालले.