परक्या हेलाचा नट : पीटर लॉर



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, त्यांनी आम्हां मुलांना शुद्ध उच्चारांचे वळण लावले. तरीही इंदूर सोडून पुण्यात पाऊल ठेवले, की चार वाक्यांतच समोरचा विचारी, ‘आपण माळव्याकडचे का?’ भाषा शुद्ध करता येते. हेल मात्र माणसाच्या पाठोपाठ येतो. तो उणेपणा मानावा की ठेवा? हा प्रश्न मनात आला, की मला पीटर लॉर या चरित्र-अभिनेत्याची आठवण होते.

लॉर यांचे मूळ नाव लास्लो लोवेनश्टाइन. २६ जून १९०४ रोजी, तत्कालीन ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यात, आज स्लोव्हाकियात असलेल्या एका गावी त्यांचा जन्म झाला. कुटुंब ज्यू, घरची भाषा जर्मन. व्हिएन्नात काही काळ बँकेत कारकुनी करून ते रंगभूमीकडे वळले आणि बर्लिनमध्ये ब्रेख्त यांच्या नाटकांतून गाजू लागले. १९३१ साली फ्रिट्झ लांग यांच्या ‘एम’ या चित्रपटात त्यांनी बालकांचा खुनी साकारला. शेवटी गुन्हेगारांनीच भरवलेल्या न्यायसभेपुढे हा खुनी आपल्या मनातील अनावर ओढ बोलून दाखवतो, तेव्हा प्रेक्षकाला त्याची किळस येते आणि कीवही. ही किमया मातृभाषेवरील प्रभुत्वाची होती.

१९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले आणि लॉर यांनी जर्मनी सोडली. १९३४ साली लंडनमध्ये हिचकॉक यांच्या चित्रपटात काम मिळाले, तेव्हा इंग्रजी जेमतेमच येत असे. बरेचसे संवाद त्यांनी केवळ उच्चार घोकून म्हटले. त्याच वर्षी ते अमेरिकेत पोहोचले. इकडे १९४० च्या एका ज्यूद्वेष्ट्या नाझी प्रचारपटाने ‘एम’मधील त्यांचाच प्रसंग उचलून, खुनी म्हणजे ज्यू असा अर्थ त्याला चिकटवला. नटाची भूमिकाच त्याच्या समाजावरचे आरोपपत्र व्हावी, याहून क्रूर विटंबना कोणती!

हॉलिवूडने त्यांना काम दिले, पण एका चौकटीत. १९३७ ते १९३९ या काळात आठ चित्रपटांत ते मोटो नावाचे जपानी गुप्तहेर झाले. युरोपातून आलेल्या नटाने जपानी व्हावे, हे आज खटकते. त्या काळी मात्र एक परका दुसऱ्या परक्याच्या जागी सहज खपे. पुढे ‘द मॉल्टीज फाल्कन’ (१९४१) आणि ‘कॅसाब्लांका’ (१९४२) आले. ‘कॅसाब्लांका’त त्यांचा उगार्ते पडद्यावर थोडाच वेळ दिसतो; पण ज्या प्रवासपत्रांभोवती सारे कथानक फिरते, ती तोच नायकाच्या हाती सोपवतो. याच चित्रपटात नाझी अधिकारी झालेले कॉनराट फाइट हेही नाझींमुळेच देश सोडून आलेले. ज्यांच्यापासून पळाले, त्यांचीच सोंगे वठवून पोट भरावे, ही निर्वासित नटांची गत होती.

युद्धानंतर लॉर जर्मनीत परतले. १९५१ साली त्यांनी ‘डेर फेरलोरने’, म्हणजे ‘हरवलेला’, हा चित्रपट सहलेखक, दिग्दर्शक आणि प्रमुख नट या तिन्ही नात्यांनी केला. नाझी राजवटीतील एका खुनी शास्त्रज्ञाची ती कथा. भाषा आपली होती, प्रेक्षक आपला उरला नव्हता. ताज्या पापाची आठवण त्याला नको होती. चित्रपट पडला. लॉर अमेरिकेस परतले आणि पुन्हा कधीही त्यांनी दिग्दर्शन केले नाही.

उरलेली वर्षे लहानमोठ्या भूमिकांत आणि दूरदर्शनवर गेली. १९५४ मध्ये ‘कॅसिनो रोयाल’ हे नाट्य अमेरिकेत थेट प्रक्षेपित झाले. जेम्स बाँडचे पडद्यावरील ते पहिले दर्शन, आणि त्याचा पहिला प्रतिस्पर्धी होते लॉर. २३ मार्च १९६४ रोजी, साठी गाठण्यापूर्वीच, त्यांचे निधन झाले.

या जीवनाला यश म्हणावे की अपयश? मातृभाषेत त्यांना संपूर्ण माणूस उभा करता आला; परभाषेत बहुधा माणसाचा एक तुकडाच वाट्याला आला. परंतु तो तुकडाही त्यांनी इतक्या निष्ठेने घडवला, की नायकांची नावे विसरलेल्यांनाही त्यांचा मऊ, कुजबुजता आवाज आठवतो. हेलाने त्यांना चौकटीत कोंडले आणि हेलानेच स्मरणात ठेवले. उणेपणा आणि ठेवा ही एकाच गोष्टीची दोन नावे ठरली.

या शाळेची मुले आज दूरदेशी आपला हेल घेऊन वावरत आहेत. त्यांनी परभाषा मन लावून शिकावी. मात्र आपल्या बोलण्यातील माळव्याची त्यांनी लाज धरू नये. आमच्या गुरुजींनीही, उच्चार सुधारताना, तो हेल कधी पुसला नव्हता.