दादासाहेब तोरणे : ‘पुंडलिक’ आणि त्यानंतर

दादासाहेब तोरणे यांचे नाव निघाले की चर्चा एकाच प्रश्नावर येऊन अडते : पहिला भारतीय चित्रपट त्यांचा की फाळक्यांचा? या वादामुळे त्यांची पुढची पंचवीस-तीस वर्षांची कामगिरी मात्र झाकली गेली, असे आम्हांला वाटते. म्हणून हा लेख.

रामचंद्र गोपाळ तोरणे यांचा जन्म १३ एप्रिल १८९० रोजी मालवण भागात झाला. वडील लहानपणीच गेले, शाळा सुटली. मुंबईस येऊन ते नोकरीत विजेची कामे शिकले. नाटकाचा नाद होताच. त्यातून श्रीपाद संगीत मंडळीशी संबंध आला आणि नानासाहेब चित्रे यांच्या साह्याने त्यांनी मंडळीचे ‘श्री पुंडलिक’ हे नाटक मोकळ्या जागेत, विलायती कॅमेऱ्याने चित्रित केले. १८ मे १९१२ रोजी ते गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफ येथे दाखवले गेले. पुढच्या वर्षी, ३ मे १९१३ रोजी, फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ याच चित्रगृहात लागला!

‘पुंडलिक’वरचे आक्षेप परिचित आहेत. ते नाटकाचे चित्रण होते, छायाचित्रण करणारा जॉन्सन इंग्रज होता आणि फिल्म धुण्यासाठी लंडनला गेली होती. २०१३ साली देशभर शताब्दी साजरी झाली, तीही ‘हरिश्चंद्र’पासून मोजून. फाळक्यांचा मान आम्हांला मान्य आहे. पण एका नोंदीवरून माणसाचे अख्खे खाते बंद करणे आम्हां बँकवाल्यांच्या पचनी पडत नाही.

कारण तोरणे तिथे थांबले नाहीत. नोकरीनिमित्त ते कराचीला गेले. (कराचीतही मराठी वस्ती जुनी, तिथली प्रसिद्ध एन.जे.व्ही. शाळा नारायण जगन्नाथ वैद्य या मराठी शिक्षणाधिकाऱ्याच्या नावाने आहे, हे आपल्यासारख्या महाराष्ट्राबाहेरच्या मंडळींनी लक्षात ठेवावे.) तिथे बाबूराव पै यांची गाठ पडली आणि दोघे चित्रपट वितरणात उतरले. मुंबईस परतल्यावर त्यांनी मूव्ही कॅमेरा कंपनी काढली. सिनेमाची यंत्रसामग्री पुरवणे हा तिचा धंदा.

तेवढ्यात बोलपटाचे वारे वाहू लागले. मूकपटवाल्यांकडे कॅमेरे होते, नट होते. आवाज टिपणारे यंत्र नव्हते, आणि ते कुठून आणावे हे ठाऊक असलेली माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. तोरणे त्यांतले. अर्देशीर इराणी यांच्या ‘आलम आरा’ला, म्हणजे १४ मार्च १९३१ रोजी लागलेल्या पहिल्या भारतीय बोलपटाला, ध्वनियंत्रणा मिळवून देण्यात त्यांचा वाटा होता. पडद्यावर अशा कामाची दखल कोण घेतो? पण माल, त्याचा पुरवठा आणि त्याची देखभाल हे जमले नसते, तर बोलपट इतक्या झटकन उभा राहिला नसता.

दुसऱ्यांना यंत्रे पुरवता पुरवता त्यांनी पुण्यात स्वतःचे सरस्वती सिनेटोन काढले. १९३२ चा ‘श्यामसुंदर’ तिथलाच. दिग्दर्शक भालजी पेंढारकर. कृष्णाच्या भूमिकेत शाहू मोडक आणि सोबत शांता आपटे, दोघेही पडद्यावर नवखे. पुढे दोघांनी केवढे नाव काढले ते सांगायला नको! मुंबईच्या वेस्ट एंड चित्रगृहात या चित्रपटाने पंचवीस आठवड्यांहून अधिक मुक्काम केला. हिंदुस्थानात रौप्यमहोत्सव पाहणारा तो पहिला चित्रपट मानला जातो. १९३३ साली ‘औट घटकेचा राजा’ आणि त्याची हिंदी आवृत्ती ‘आवारा शहजादा’ आली. त्यांत मोडकांची दुहेरी भूमिका होती. एकच नट पडद्यावर दोनदा दिसायचा तर कॅमेऱ्याचे गणित पक्के हवे. विजेच्या तारांत हात घालून वाढलेल्या तोरण्यांना अशा कामात रस नसता तरच नवल.

चाळीसच्या दशकात सरस्वतीचे काम थांबले. १९ जानेवारी १९६० रोजी तोरणे निवर्तले. ‘पुंडलिक’ची प्रत आज उपलब्ध नाही, त्यामुळे तो पाहून आपले मत बनवण्याची सोयही उरलेली नाही.